आरांची फुलदाणी पाहणारा माणूस

मागच्या बैठकीत एका ताईंनी विचारलं, "चित्र काढणाऱ्याचं काम समजलं, पण चित्रांवर लिहिणाऱ्याचं काम काय?" आज तेच सांगतो.

रूडी फॉन लायडन मूळचे जर्मनीचे, जन्म १९०८ चा. शिकले भूगर्भशास्त्र. १९३३ मध्ये हिटलर सत्तेवर आला. आईचं घराणं ज्यू, म्हणजे तिथं राहणं धोक्याचं. त्याच वर्षी ते मुंबईला आले. जाहिरातीचं काम करता करता 'टाइम्स ऑफ इंडिया'त चित्रप्रदर्शनांवर लिहू लागले.

तेव्हा हुबेहूब चित्राला मान होता. नव्या पद्धतीचं चित्र दिसलं की लोक हसायचे.

कृष्णाजी आरा जन्मले हैदराबादजवळच्या बोलारमला, म्हणजे आपला जालना तेव्हा ज्या निजामाच्या राज्यात होता, तिथलेच. लहानपणी मुंबईला पळून गेले. घरगडी म्हणून राबले, मोटारी धुतल्या, मिठाच्या सत्याग्रहात तुरुंगात गेले. उरल्या वेळात चित्रं काढायचे. फुलदाण्या, मडकी, फळं, आपल्या घरातल्याच वस्तू की! लायडन यांनी ती चित्रं नीट पाहिली, आराला चित्रंच काढ म्हणून सांगितलं. १९४२ मध्ये आरांचं पहिलं स्वतंत्र प्रदर्शन भरलं.

१९४७ मध्ये सूझा, रझा, आरा, पंढरपूरचे हुसेन, गाडे आणि बाकरे यांनी प्रोग्रेसिव्ह आर्टिस्ट्स ग्रुप काढला. यांच्यामागे तीन परदेशी उभे राहिले. ऑस्ट्रियाचे लँगहॅमर मार्गदर्शन करत, श्लेसिंगर चित्रं विकत घेत आणि लायडन लिहीत. चित्रात काय आहे, रंग असा का लावला, हे पेपरात छापून आलं की हसणारा माणूस पुन्हा एकदा चित्राकडे बघतो. समीक्षकाचं काम ते हेच. स्वतः परके असल्यामुळे बाजूला राहिलेला माणूस त्यांना लवकर दिसला असावा, असं आम्हाला वाटतं.

गेल्या दिवाळीत एका प्रदर्शनात आमच्या गोधडीला गिऱ्हाईक म्हणालं, "जुनी फडकी जोडलीत." शिवणारी गप्प बसली. आम्हीही गप्पच, याचंच जास्त लागलं. धावदोरा कडेपासून मधोमध कसा फिरत गेलाय, लुगड्याचा काठ नेमका कुठं बसवलाय, हे आमच्यातल्या एकीलाही सांगता आलं नाही.

म्हणून येत्या बैठकीला प्रत्येकीनं दुसरीची गोधडी आणायची आणि तिच्यात काय दिसलं ते बोलायचं. नुसतं "छान आहे" चालणार नाही.