काळी यादी : शिक्षा की सावधगिरी?

‘काळी यादी’ या शब्दाला शहरात एक वजन आहे आणि आमच्याकडे दुसरे. हिंगोली जिल्ह्यातील पुसेगावसारख्या गावात राहून शाळेची बाके, पाणीयोजनेचे पाईप किंवा कार्यालयाचे कपाट पुरवणाऱ्याला मोठे गिऱ्हाईक एकच, ते म्हणजे सरकार. तेच दार बंद झाले तर दुसरे सहसा नसते. म्हणून ही यादी कायद्याने कशी चालते, हे न्यायनिर्णयांच्या आधारे पाहावे असे मला वाटले.

आधी एक फरक लक्षात घ्यावा. काम रद्द करणे, अनामत जप्त करणे आणि काळ्या यादीत टाकणे या तीन वेगळ्या गोष्टी आहेत. पहिल्या दोन त्या एका करारापुरत्या असतात. तिसरी मात्र पुढच्या करारांवर सावली टाकते. बहुतेक निविदांत ‘आमचे नाव कोणत्याही काळ्या यादीत नाही’ असे प्रतिज्ञापत्र मागतात. त्यामुळे एका कार्यालयाचा आदेश दुसऱ्या कार्यालयातही आडवा येतो.

याविषयीचा पाया 1974 साली घातला गेला. इरुशियन इक्विपमेंट विरुद्ध पश्चिम बंगाल या खटल्यात सर्वोच्च न्यायालयापुढे सरकारचा बचाव ढोबळमानाने असा होता की, कोणाशी व्यवहार करायचा हे आम्ही ठरवू. खासगी दुकानदाराला हे म्हणता येते. पण सरकार घटनेतील समानतेच्या तत्त्वाने बांधलेले असते, म्हणून यादीत नाव घालण्यापूर्वी संबंधिताला बाजू मांडू द्यावी, असे न्यायालयाने सांगितले.

मग प्रश्न आला नोटिशीचा. ‘कारणे दाखवा’ एवढे लिहिले की पुरे का? 2014 च्या गोरखा सिक्युरिटी खटल्यात उत्तर मिळाले : नाही. आरोप काय आणि कोणती कारवाई योजली आहे, हे नोटिशीतून कळले पाहिजे. अनामत जाईल या समजुतीने दिलेला खुलासा आणि धंदाच बंद होईल हे ओळखून दिलेला खुलासा एकसारखा नसतो. 2020 साली भारतीय अन्न महामंडळाविरुद्धच्या यूएमसी टेक्नॉलॉजीज खटल्यात हेच तत्त्व पुन्हा लागू झाले; निविदेतील सर्वसाधारण अट नोटिशीची जागा घेऊ शकत नाही.

तिसरा प्रश्न मुदतीचा. मुंबई उच्च न्यायालयातून वर गेलेल्या कुलजा इंडस्ट्रीज विरुद्ध बीएसएनएल या प्रकरणात आरोप गंभीर होता : बिलांची दुबार रक्कम घेतल्याचा. तरीही कायमची बंदी 2013 मध्ये सर्वोच्च न्यायालयात टिकली नाही. बंदीचा काळ गुन्ह्याच्या स्वरूपाशी जुळला पाहिजे, असे सांगून तो नव्याने ठरवण्यासाठी प्रकरण परत पाठवले गेले. केंद्राच्या 2017 च्या सामान्य वित्तीय नियमांतील नियम 151 मध्येही मर्यादा आहेत : ठरावीक गुन्ह्यांत दोषी ठरल्यास कमाल 3 वर्षे, सचोटीच्या संहितेचा भंग केल्यास कमाल 2 वर्षे.

याचा अर्थ न्यायालय नेहमी पुरवठादाराच्या पाठीशी असते, असा नव्हे. पटेल इंजिनिअरिंगने महामार्ग प्राधिकरणाच्या निविदेत सर्वांत चढी बोली लावली आणि ऐन वेळी माघार घेतली. तिच्यावरील 1 वर्षाची बंदी 2012 साली कायम राहिली. लेखी म्हणणे ऐकून घेतले असेल, तर तोंडी सुनावणी प्रत्येक वेळी हवीच असे नाही, हेही तेथे स्पष्ट झाले. ते योग्यच आहे. निकृष्ट पाईप गाडले गेले तर कोरडा नळ गावाच्याच वाट्याला येतो. वाईट पुरवठादाराला दूर ठेवण्याचा सरकारचा अधिकार आपल्याच भल्यासाठी आहे.

माझी चिंता वेगळी आहे. वर सांगितलेल्या खटल्यांतील पक्षकार दिल्लीपर्यंत पोहोचू शकले. पुसेगावच्या पुरवठादाराला छत्रपती संभाजीनगरच्या खंडपीठापर्यंत जायचे तरी वकिलाची फी, हेलपाटे आणि महिनोन्‌महिने थांबणे आलेच. तोवर निविदांचा हंगाम निघून जातो आणि आदेश नंतर रद्द झाला तरी गेलेले वर्ष परत मिळत नाही. म्हणून त्याच्यासाठी खरा खटला नोटीस हाती पडते त्या दिवशीच सुरू होतो. मुदतीत, लेखी, मुद्देसूद उत्तर देणे आणि त्याची पोच जपून ठेवणे हा त्याचा बचाव. आणि नोटिशीत शिक्षेचे नाव स्पष्ट लिहिणे ही कार्यालयाची जबाबदारी. त्या एका ओळीला कार्यालयाचा काहीच खर्च नाही. ती नसेल, तर मोल पुरवठादार मोजतो.