गाण्यापलीकडची सोनाली

१९९६ साली अंधेरीच्या कार्यक्रमासाठी मायकल जॅक्सन मुंबईत उतरला, तेव्हा विमानतळावर नऊवारी नेसून त्याला ओवाळायला सोनाली बेंद्रे उभी होती. त्याच वर्षी तिचे ‘दिलजले’ आणि ‘इंग्लिश बाबू देसी मेम’ हे चित्रपट आले होते. तरी त्या दिवशी शहराला तिच्याकडून हवा होता तो चेहराच. तिच्या पहिल्या दशकाचं गणित यात आलं.

सुरुवात मॉडेलिंगने. मग ‘स्टारडस्ट’ मासिकाच्या नवे चेहरे शोधण्याच्या मोहिमेत निवड, आणि १९९४मध्ये गोविंदासोबत ‘आग’. पुढच्या वर्षी मणिरत्नमच्या ‘बॉम्बे’त ती आली ती ‘हम्मा हम्मा’ या एका गाण्यापुरती. पण लोकांच्या लक्षात राहिली. मॉडेलिंग करणाऱ्या मुलीला उजेड कुठून पडतो, मान किती वळवायची, हे कळलेलं असतं. वाक्य कसं टाकायचं, हे तिथे कुणी शिकवत नाही. त्या काळच्या हिंदी सिनेमाला नायिकेच्या वाक्यांची फारशी गरजही नव्हती. ‘सरफरोश’सारख्या (१९९९) उत्तम चित्रपटातही सगळी झुंज आमिर खान आणि नसीरुद्दीन शाह यांच्यात, सोनालीने केलेल्या सीमाच्या वाट्याला प्रेम आणि गाणी. त्यातल्या त्यात महेश भट्टांच्या ‘जख्म’मधली (१९९८) पत्नी वेगळी. दंगलीने होरपळणाऱ्या शहरात आपलं मूल जन्माला घालायचं नाही, असं म्हणणारी ती बाई. भूमिका लहान, पण तिला स्वतःचं मत होतं.

दक्षिणेत ‘मुरारी’, ‘इंद्रा’, ‘मन्मधुडू’ असे मोठे तेलुगू चित्रपट तिला मिळाले. लोकप्रियता वाढली, भूमिकांचा साचा तोच राहिला.

तो मोडला अमोल पालेकरांनी, आणि तोही मराठीत. ‘अनाहत’ (२००३) सुरेंद्र वर्मांच्या गाजलेल्या हिंदी नाटकावर बेतलेला. श्रावस्तीचा राजा वारस देऊ शकत नाही, म्हणून राणीने नियोगासाठी एका रात्रीपुरता दुसरा पुरुष निवडावा, असं दरबार ठरवतो. जाताना संकोचाने दबलेली राणी परतते ती प्रश्न विचारायलाच. अनंत नाग आणि दीप्ती नवल समोर असताना नुसतं सुंदर दिसून भागणार नव्हतं. सोनालीच्या कारकिर्दीबद्दल लिहिताना या चित्रपटाला एका ओळीत गुंडाळतात, हे मला कधीच पटलेलं नाही. पाठोपाठ ‘आप की सोनिया’ हे नाटक आलं. ‘तुम्हारी अमृता’चा हा पुढचा भाग, सोबत फारुख शेख. दोघांनी बसून पत्रं वाचायची. ना नाच, ना हालचाल. सगळी भिस्त आवाजावर.

छोट्या पडद्यावर ती २००१मध्येच ‘क्या मस्ती क्या धूम’ची सूत्रं सांभाळायला आली होती. मग ‘इंडियन आयडॉल’ आणि ‘इंडियाज गॉट टॅलेंट’मध्ये परीक्षक. या खुर्चीत कलाकाराला स्वतःच्याच भाषेत, लिहून न दिलेलं बोलावं लागतं. सिनेमाने जे दिलं नाही ते इथे आपसूक मिळालं. २०१४ साली ‘अजीब दास्तां है ये’ ही तिची पहिली मालिका. राजकारणी नवऱ्याचं प्रकरण चव्हाट्यावर आल्यावर मुलांसाठी नोकरी धरणारी शोभा. मालिका फार काळ टिकली नाही, पण चाळिशीच्या उंबरठ्यावर नायिका म्हणून उभं राहता येतं, हे तिने दाखवलं. सिनेमाने त्या वयाच्या किती जणींना ती जागा दिली होती?

जुलै २०१८मध्ये तिने स्वतःच कर्करोगाची बातमी जाहीर केली. न्यूयॉर्कमध्ये उपचार झाले. केस गेलेला चेहराही तिने लपवला नाही. ज्या चेहऱ्यावर कारकीर्द उभी राहिली, तो असा लोकांपुढे ठेवणं सोपं नसतं.

परतल्यावर २०२२मध्ये विनय वायकुळ दिग्दर्शित ‘द ब्रोकन न्यूज’ ही वेबमालिका. अमीना कुरेशी ही वृत्तवाहिनीची संपादक, समोर जयदीप अहलावतचा आक्रस्ताळा प्रतिस्पर्धी. तो ओरडतो, ही आवाज न चढवता बोलते. इथे तिच्या वाट्याला गाणं नाही. आहेत ती भरपूर वाक्यं. दुसरा भाग २०२४मध्ये आला, त्यातही अमीनाची खुर्ची तिच्याकडेच होती.