क्लीव्हलंडचं पत्र : १०,३६३

ईरी सरोवराच्या काठावर क्लीव्हलंड ब्राउन्स या फुटबॉल संघाचं स्टेडियम आहे. तिथे २०१८ साली एक आकडा मोठ्या मानाने लावण्यात आला : १०,३६३. नव्या माणसाला वाटतं, कुणीतरी एवढे गुण केले असतील. प्रत्यक्षात ज्याच्यासाठी तो लावला, त्या जो थॉमसने अकरा हंगामांत एकही गुण केला नाही. चेंडू हातात घेऊन पळणं हे त्याचं कामच नव्हतं.

इथला अमेरिकन फुटबॉल आपल्याकडच्या फुटबॉलसारखा सलग चालत नाही. मधला खेळाडू दोन पायांमधून चेंडू मागे देतो, त्याला स्नॅप म्हणतात. तिथून पाच-सात सेकंदांची धुमश्चक्री होते, शिट्टी वाजते आणि पुन्हा सगळे रांगेत उभे राहतात. चेंडू ज्याच्याकडे जातो तो क्वार्टरबॅक, संघाचा मेंदू. त्याच्यापुढे पाच धिप्पाड माणसं खांद्याला खांदा लावून उभी असतात. हे ऑफेन्सिव्ह लाइनमन. समोरून चाल करून येणाऱ्यांना अडवायचं, एवढंच त्यांचं काम. नेहमीच्या डावात त्यांना पुढे फेकलेला पासही झेलता येत नाही. दहीहंडीच्या सगळ्यात खालच्या थरातली माणसं डोळ्यांपुढे आणा, म्हणजे त्यांची जागा कळेल.

या पाचांतला डाव्या टोकाचा, म्हणजे लेफ्ट टॅकल, सगळ्यात जोखमीचा. क्वार्टरबॅक उजव्या हाताने फेकणारा असला की फेकताना त्याची पाठ डावीकडे वळते आणि तिकडून येणारा त्याला दिसत नाही. १९८५च्या नोव्हेंबरात वॉशिंग्टनचा क्वार्टरबॅक जो थाइसमन याचा पाय लॉरेन्स टेलरच्या धडकेत मोडला, तो सगळ्या अमेरिकेने दूरचित्रवाणीवर पाहिला. अशा धडका मारणाऱ्यांचा काळ आला तसा लेफ्ट टॅकलचा भाव वाढत गेला. प्रेक्षकांची नजर मात्र चेंडूमागेच राहिली. धावलेले यार्ड, फेकलेले पास, झेललेले चेंडू यांची रकानेच्या रकाने भरून नोंद होते. लाइनमनचं नाव लाउडस्पीकरवर येतं ते बहुधा चूक झाली की. समोरच्याला धरून ठेवलं तर दहा यार्डांचा दंड, स्नॅपच्या आधी हललं तर पाच यार्डांचा.

माझ्या शेजारी एक म्हातारे गृहस्थ राहतात. पूर्वी पोलादाच्या कारखान्यात होते. त्यांच्यासोबत पहिल्यांदा सामन्याला गेलो तेव्हा त्यांनी मला बजावलं, ‘‘एक डाव चेंडू विसर. नुसता ७३ नंबर बघ.’’ मी पाहिलं. ७३ नंबर म्हणजे थॉमस. उंची साडेसहा फूट आणि वजन १४० किलोच्या घरात. हा माणूस गुडघ्यांत वाकून बसला होता, तोंडातून वाफ निघत होती. स्नॅप झाला आणि तो मागे सरकला. उजव्या पायाने रेटा द्यायचा, डावा पाय जमिनीलगत मागे घसटत न्यायचा, कंबर खाली, पाठ ताठ. समोरचा बाहेरून वळसा घालायला धावला. थॉमसने घाई केली नाही. पुरेसं जवळ येऊ दिलं आणि दोन्ही तळहात त्याच्या छातीवर असे टेकवले की त्याची धाव तिथेच मोडली. तेवढ्यात पास गेला, लोक ओरडले, माना तिकडे वळल्या. थॉमस वळून चालत आपल्या जागी आला आणि पुन्हा वाकला. मी इथे इतकी वर्षं आहे, पण हा खेळ मला कळला तो त्या दिवशी.

हेच त्याने १०,३६३ वेळा केलं. २००७ सालच्या पहिल्या सामन्यापासून संघाच्या चढाईतला एकही डाव न चुकवता, सलग १६७ सामने. स्नॅपची मोजदाद होऊ लागल्यापासून इतका सलग कुणी उभा राहिलेला नाही. थॉमस मूळचा विस्कॉन्सिनचा. २००७ साली संघांनी नवे खेळाडू निवडले त्या दिवशी मोठमोठे उमेदवार न्यूयॉर्कला सूट घालून बसले होते, हा वडिलांबरोबर मिशिगन सरोवरात होडीतून मासे धरत होता. तिसऱ्या क्रमांकावर आपलं नाव पुकारलं गेल्याचं त्याला तिथेच कळलं.

आणि संघ कोणता वाट्याला आला? त्याच्या अकरा हंगामांत ब्राउन्सने ४८ सामने जिंकले आणि १२८ हरले. पहिल्या वर्षी सोळापैकी दहा जिंकूनही बाद फेरी हुकली, पुढे ती कधी लाभलीच नाही. प्रशिक्षक सहा झाले. ज्यांची पाठ त्याने राखली ते क्वार्टरबॅक झाले वीस. दर थोड्या दिवसांनी पाठीमागचा माणूस बदलायचा. त्याचा आवाज नवा, चेंडू धरून ठेवायची सवय नवी. ७३ नंबर मात्र तिथेच. २०१५ साली त्याला डेन्व्हरला देण्याची बोलणी चालल्याच्या बातम्या होत्या. ती फिसकटली, आणि त्याच हंगामात डेन्व्हरने सुपर बोल, म्हणजे अंतिम सामना, जिंकला. थॉमसने कधी तक्रारीचा सूर लावला नाही. इथेच राहायचं आहे, असं तो उघडपणे सांगत राहिला.

क्लीव्हलंडकर त्याच्यावर इतका जीव का टाकतात, ते या शहराकडे पाहिलं की उमजतं. १९५० साली इथे नऊ लाखांवर वस्ती होती, आज चार लाखांहून कमी. कारखाने गेले, माणसं गेली. खुद्द ब्राउन्सही १९९५च्या हंगामानंतर मालकाने बॉल्टिमोरला हलवले. पुन्हा त्याच नावाचा संघ उभा राहायला १९९९ उजाडलं. ‘‘इथून सगळे जातात,’’ माझे शेजारी म्हणतात, ‘‘तो गेला नाही.’’

शरीराने मात्र हिशेब मागितला. वजन तीनशे पौंडांखाली उतरू नये म्हणून भूक असो नसो खात राहावं लागे. स्मरणशक्ती दगा देऊ लागली आहे, हे त्याने खेळत असतानाच मुलाखतीत सांगून टाकलं. दर डावाला होणारी ती टक्कर छोटी दिसते. पण दहा हजार टकरी झेललेल्या डोक्याचा विचार मनात आला की मला हा खेळ निर्धास्तपणे पाहता येत नाही. २०१७च्या ऑक्टोबरात टेनेसीविरुद्धच्या सामन्यात डाव्या दंडाचा मागचा स्नायू फाटला आणि तो बाहेर गेला. तो शेवटचा डाव. ब्राउन्स तो हंगाम सोळाच्या सोळा सामने हरले. पुढच्या जानेवारीत हाडं गोठवणाऱ्या थंडीत हजारो लोक स्टेडियमभोवती चालले आणि आपल्या फेरीने शून्याचा आकार केला. त्यात शेजारीही होते. मार्चमध्ये थॉमसने निवृत्ती जाहीर केली. नंतर पोहणं आणि सायकल यांच्या जोरावर त्याने वीसेक किलो वजन उतरवलं. २०२३च्या ऑगस्टमध्ये इथून तासाभरावरच्या कँटन गावी हॉल ऑफ फेममध्ये त्याचा समावेश झाला तेव्हा तो ओळखू येणार नाही इतका सडसडीत दिसत होता.

तो आकडा लावला ती रात्र २० सप्टेंबर २०१८ची. सामना न्यूयॉर्क जेट्सशी होता. मध्यंतरात थॉमस मैदानावर आला, आकड्यावरचं आवरण दूर झालं. लोक उभे राहिले. नंतरच्या खेळात ब्राउन्सनी मुसंडी मारली आणि २१–१७ असा सामना जिंकला. तब्बल ६३५ दिवसांनी आलेला विजय होता तो. माझे शेजारी त्या रात्री उशिरा घरी परतले, दार वाजवून मला उठवलं आणि अंगणात उभे राहून बराच वेळ नुसता माझा हात दाबत राहिले.