खेळ खिडकीत, डोके ठिकाणावर

'डॉक्टर, कॉम्प्युटरवर गेम खेळला की मुलाला गरगरते, मळमळते. चष्मा लागला असेल का?' असे पालक मला नेहमी विचारतात. डोळे मी तपासतोच. पण पुष्कळदा नंबर निघत नाही. कारण वेगळेच असते.

आपला तोल डोळे, सांधे-स्नायू आणि अंतर्कर्ण मिळून सांभाळतात. गेममध्ये मोटार भरधाव पळते, तेव्हा डोळे मेंदूला सांगतात, 'आपण पळतोय'. अंतर्कर्ण सांगतो, 'आपण तर खुर्चीतच आहोत'. या विसंगतीने मळमळ होते. घाटात गाडी लागते, त्याचाच हा उलटा प्रकार.

अशा वेळी मी बिनखर्चाचा एक उपाय सुचवतो. गेम पूर्ण पडद्यावर न चालवता लहान खिडकीत चालवावा. विंडोजवरील अनेक गेममध्ये आल्ट आणि एंटर या कळा एकत्र दाबल्या की हे साधते. काहींत सेटिंग्जमध्ये तशी सोय असते. हलते चित्र नजरेची कमी जागा व्यापते, भोवतीचा स्थिर भाग डोळ्यांना आधार देतो. शिवाय कोपऱ्यातले घड्याळही दिसत राहते!

मात्र चित्र लहान झाले म्हणून मुलाला पडद्याकडे वाकू देऊ नका. हातभर अंतर हवेच. गरगरू लागताच खेळ थांबवावा.

खेळत नसतानाही चक्कर येत असेल, तर डॉक्टरांना दाखवावे. लखलखत्या चित्रांनी मुलाचे भान हरपले किंवा हातपाय झटकले गेले, तर ती साधी मळमळ नव्हे. फिट असू शकते. तेव्हा घरगुती उपायांत वेळ न दवडता तातडीने दवाखाना गाठावा.