अंदमानच्या त्या ४४ जणांचे काय?

अंदमान म्हटले की महाराष्ट्रातल्या माणसाला सेल्युलर जेल आठवते. कोठडी पाहायची, फोटो काढायचे आणि परत फिरायचे. परंतु पोर्ट ब्लेअरच्या ज्या विमानतळावर पर्यटक उतरतात, तेथील पहिली धावपट्टी कोणाच्या घामातून उभी राहिली, हे त्यांना कोण सांगतो? २०२४ साली या शहराचे सरकारी नाव 'श्री विजयपुरम' झाले. नाव बदलले, पण हा प्रश्न आहे तेथेच आहे.

दक्षिण अंदमानच्या पूर्व किनाऱ्यावर हे शहर वसले आहे. चेन्नई आणि कोलकाता दोन्ही सुमारे १२०० किलोमीटर दूर. ब्रह्मदेश आणि सुमात्रा त्याहून जवळ. खोल व सुरक्षित बंदर, दोन्ही मोसमी वाऱ्यांचा पाऊस, डोंगरउतारावर घनदाट जंगल. इंग्रजांनी १८५८ मध्ये येथे कैद्यांची वसाहत केली ती सभोवतालच्या समुद्रालाच तुरुंगाची भिंत मानून. या वसाहतीची सर्वात मोठी किंमत मूळच्या अंदमानी आदिवासींनी मोजली. बाहेरून आलेल्या रोगांनी त्यांच्या वस्त्याच्या वस्त्या संपल्या. १९६१ च्या जनगणनेत ग्रेट अंदमानी फक्त १९ उरले होते.

सजा भोगून सुटलेल्या अनेक कैद्यांनी तेथेच संसार थाटले. जात, प्रांत, धर्म ओलांडून लग्ने झाली. त्यांच्या लेकरांना सरकारदरबारी 'लोकल बॉर्न' म्हणत. मुख्य भूमीवर जी जात मेल्यावरही स्मशानापर्यंत पाठ सोडत नव्हती, ती येथे बरीच सैल झाली. ही माणसे कोणत्याही चळवळीची पुढारी नव्हती. ती कष्टकरी होती, कारकून होती, शिक्षक होती. युद्ध कोसळले ते त्यांच्याच डोक्यावर.

२३ मार्च १९४२ रोजी जपानी फौज उतरली. बहुतेक इंग्रज आधीच निघून गेले होते, त्यामुळे लढाई झालीच नाही. काही दिवसांतच घरात घुसणाऱ्या सैनिकांवर छऱ्यांची बंदूक चालवणाऱ्या जुल्फिकार अली या तरुणाला भर चौकात हाल करून मारण्यात आले. लोकांना वेठीला धरून धावपट्टीच्या कामावर जुंपले गेले.

२९ डिसेंबर १९४३ रोजी नेताजी सुभाषचंद्र बोस येथे आले. दुसऱ्या दिवशी तिरंगा फडकला. हा प्रसंग सर्वांना ठाऊक असतो. परंतु त्याच दिवसांत इंडियन इंडिपेंडन्स लीगचे स्थानिक प्रमुख डॉ. दिवाण सिंग सेल्युलर जेलमध्ये जपान्यांचा छळ सोसत होते. नेताजींना खरी परिस्थिती कळू दिली गेली नाही. १४ जानेवारी १९४४ रोजी डॉक्टरांचा मृत्यू झाला. ३० जानेवारीला हेरगिरीच्या आरोपावरून ४४ भारतीयांना होम्फ्रेगंज येथे नेऊन गोळ्या घातल्या व खंदकात पुरले. खरी हेरगिरी केली होती ती पाणबुडीतून गुपचूप उतरलेल्या ब्रिटिश तुकडीने! मेले मात्र निरपराध.

बेटांवर तांदूळ बाहेरून येई. दोस्तांच्या नौदलाने समुद्र अडवला आणि उपासमार सुरू झाली. तेव्हा जपान्यांनी खाणारी तोंडेच कमी करण्याचे ठरवले. ऑगस्ट १९४५ मध्ये शेती करायला नेतो म्हणून शेकडो माणसांना बोटीत भरले आणि हॅवलॉक बेटाजवळ समुद्रात ढकलले. कित्येक बुडाले, किनारा गाठलेले बहुतेक भुकेने गेले. वाचले ते बोटांवर मोजण्याइतके.

एक साम्राज्य जाऊन दुसरे आले म्हणून गुलाम मुक्त होत नाही, हा अंदमानचा धडा आहे. 'आशिया आशियावासीयांचा' अशी घोषणा देणाऱ्यांनीच आशियावासीयांना खड्ड्यात पुरले.

मोठ्या नावांना आमचा विरोध नाही. पण मोठ्या नावांच्या सावलीत लहान माणसे दिसेनाशी होतात, त्याला आमचा विरोध आहे. होम्फ्रेगंजला स्मारक आहे. तेथे पर्यटकांच्या किती गाड्या वळतात? आमच्या मुलांच्या पाठ्यपुस्तकात त्या ४४ जणांसाठी एक परिच्छेद तरी का नसावा? वाचकहो, अंदमानला जाल तेव्हा होम्फ्रेगंजला अवश्य जा. ज्यांचा इतिहास कोणी लिहिला नाही, त्यांच्यासमोर दोन मिनिटे उभे राहणे हे आपल्यासारख्यांचे पहिले कर्तव्य आहे.