बुरशीची भाषा, बुरशीचं शहर: रीलमधलं किती खरं?

जमिनीखाली तंतूंचं जाळं, त्यातून धावणारे निळे ठिपके आणि मागून एक गंभीर आवाज: ‘बुरशीला ५० शब्दांची भाषा आहे, तिची स्वतःची संस्कृती आहे.’ हे रील तुमच्या फीडमध्येही येऊन गेलं असेल. २०२३ मध्ये ‘द लास्ट ऑफ अस’ सिरीज आल्यापासून विचार करणारी बुरशी हा रीलवाल्यांचा लाडका विषय झालाय. मी जीवशास्त्रवाला नाही, सॉफ्टवेअर इंजिनीअर आहे. पण हा मामला मुळात नेटवर्कचा आहे, म्हणून हात घालतोय.

आधी ते ५० शब्द. हा आकडा हवेतला नाही. इंग्लंडमधल्या ब्रिस्टलच्या अँड्र्यू अ‍ॅडमॅट्झ्की यांनी २०२२ मध्ये चार प्रकारच्या बुरशींमध्ये इलेक्ट्रोड खुपसून विजेचे बारीक झटके मोजले. झटके खरोखर सापडले. त्यातला एक झटका तर काही तास, कधी जवळजवळ दिवसभर चालतो. मग जवळजवळ आलेल्या झटक्यांचा गट म्हणजे ‘शब्द’ असं त्यांनी धरलं आणि गट मोजले. इथेच खरी गोम आहे. पत्र्यावर पडणारा पाऊस रेकॉर्ड करा, ‘थोडी गॅप आली की शब्द संपला’ असा नियम लावा, पावसाचीही डिक्शनरी तयार होईल! माझ्या सर्व्हरच्या लॉगमध्येही असे ‘शब्द’ रोज सापडतील. पॅटर्न असणं वेगळं आणि समोरच्याला त्याचा अर्थ कळणं वेगळं. दुसरी बुरशी ते झटके ‘वाचते’ असं या प्रयोगात दाखवलेलं नाही. रीलमध्ये नेमकं हेच गाळलेलं असतं.

बरं, मग बुरशी साधीसुधी आहे का? अजिबात नाही. आपल्याला दिसते ती छत्री म्हणजे आंब्याच्या झाडाचा फक्त आंबा. खरी बुरशी लाकडात, मातीत पसरलेल्या धाग्यांची असते. अमेरिकेतल्या ओरेगॉनच्या जंगलात एकच बुरशी सुमारे ९.६ चौरस किलोमीटर पसरलीय. बोरिवलीचं आपलं नॅशनल पार्क साधारण १०४ चौरस किलोमीटरचं आहे, म्हणजे त्याचा अकरावा हिस्सा एका जीवाने व्यापल्यासारखं. आणि या सगळ्याला मेंदू नाही, हेड ऑफिस नाही.

‘हेड ऑफिस नाही तर निर्णय कोण घेतं?’ याचं सगळ्यात भारी उत्तर बुरशीच्या एका दूरच्या मंडळींकडे आहे: स्लाइम मोल्ड. पूर्वी याला बुरशीच समजायचे, आता तो अमिबाच्या कुळात गणला जातो. पिवळा, चिकट, डोळ्यांनी दिसेल एवढा मोठा, पण पेशी एकच. २०१० मध्ये जपानी शास्त्रज्ञांनी टोकियो आणि आजूबाजूच्या ३६ ठिकाणांच्या जागी ओटचे दाणे ठेवले आणि टोकियोच्या जागी याला सोडलं. डोंगर आणि पाण्याच्या जागी उजेड पाडला, कारण उजेड याला नको असतो. साधारण २६ तासांत त्याने जे जाळं विणलं, ते खर्च, वेग आणि एखादा दुवा तुटला तर तग धरणं, या तिन्ही बाबतींत टोकियोच्या रेल्वेच्या तोडीचं निघालं.

यात जादू नाही. सुरुवातीला तो सगळीकडे नळ्या पसरतो. ज्या नळीतून जास्त प्रवाह जातो ती जाड होते, कमी जातो ती आक्रसते आणि शेवटी गायब. प्रत्येक नळीला फक्त स्वतःतला प्रवाह ‘माहीत’ असतो. पूर्ण नकाशा कुणाकडेच नाही.

आता हाच खेळ आपल्या उपनगरांवर मनातल्या मनात खेळा. अंधेरी, बोरिवली, मुलुंड, घाटकोपर या ठिकाणी चार दाणे, आणि नॅशनल पार्कवर टॉर्च. माझा अंदाज असा, की अंधेरी–घाटकोपर ही आडवी नळी तो पहिल्या झटक्यात बांधेल. आपल्याला तिथे पहिली मेट्रो मिळाली ८ जून २०१४ ला. ११.४ किलोमीटर, १२ स्टेशनं. त्याआधी साकीनाक्याच्या ट्रॅफिकमध्ये बसा, नाहीतर लोकलने दादरला वळसा घाला. बोरिवली–मुलुंडचं काय? मधे टॉर्च, म्हणून तो बहुतेक खालून फिरून जाईल, तुम्ही आम्ही आज जातो तसाच. माणूस मात्र पार्कच्या पोटातून बोगदे काढतोय. गोरेगाव–मुलुंड लिंक रोडचं काम सुरू आहे.

मग याला जाणीव आहे म्हणायचं का? एका जपानी प्रयोगात याला ठरावीक अंतराने तीन वेळा थंड, कोरडी हवा दिली. तो दर वेळी मंदावला. चौथ्या वेळी काहीच दिलं नाही, तरी बऱ्याचदा वेळ झाल्यावर तो मंदावलाच. म्हणजे एक प्रकारची आठवण आहे. पण मला विचाराल तर आठवण, वाट शोधणं, जुळवून घेणं हे सगळं ‘मला काहीतरी वाटतंय’ याशिवायही होऊ शकतं. चॅटबॉटशी बोलताना आपली अशीच गल्लत होते. उत्तर शहाणं वाटलं की आतही कुणीतरी बसलंय असं वाटायला लागतं. ‘संस्कृती’ तर फार पुढची गोष्ट.

आणि ती मुंगीवाली बुरशी, जिच्यावरून ती सिरीज सुचली? ती मुंगीच्या मेंदूत शिरून ‘कंट्रोल’ घेते असं सगळे सांगतात. २०१७ मध्ये थ्रीडी मायक्रोस्कोपखाली दिसलं ते वेगळंच: तिचे धागे मुंगीच्या स्नायूंभोवती जाळं विणतात, मेंदूत शिरत नाहीत.

जाता जाता एक कामाची गोष्ट. पावसाळ्यात फोटो काढून अ‍ॅपला ‘ही अळंबी खायची का?’ असं विचारणारे वाढलेत. कृपया नको. जातिवंत विषारी अळंबीची ओळख कधी देठाच्या मातीत गाडलेल्या भागात असते, कधी बीजाणूंच्या रंगात, आणि फोटोत दोन्ही येत नाहीत. काहींचं विष शिजवूनही जात नाही, आणि त्रास सुरू व्हायला सहा-बारा तास किंवा जास्तही लागतात, तोवर यकृताचं नुकसान सुरू झालेलं असतं. कुणी खाल्लीच असेल तर त्रास होण्याची वाट न बघता हॉस्पिटल गाठा आणि उरलेली अळंबी सोबत न्या. नॅशनल पार्कमधून तोडायला तर कायद्यानेच मनाई आहे. फोटो मात्र हवे तेवढे काढा.