बाबांचा शुक्रवार

सकाळी ९. पोहे खाऊन बाबा उज्जैन स्टेशनवर हजर. साल १९६२. बाबा टॉकीजमध्ये ऑपरेटर, आणि शुक्रवारी पार्सल सोडवायचं काम त्यांचंच. चित्रपटाच्या पेट्या हमालाच्या डोक्यावर. सरकारी फिल्म्स डिव्हिजनच्या माहितीपटाचा चपटा डबा मात्र टांग्यात बाबांच्या मांडीवर.

१०.३०. रिवाइंडिंगचं टेबल. एक हात चाक फिरवतो, दुसऱ्या हाताच्या चिमटीतून फिल्मची कड सरकते. छिद्र फाटलेलं असलं की डोळ्याआधी बोटाला कळतं. तेवढं कापायचं, टोक खरवडायचं, सिमेंटनं जोडायचं. हजार फुटांचं रीळ, म्हणजे पडद्यावर अकरा मिनिटं.

दुपारी ३. पहिला खेळ. चित्रपटाआधी माहितीपट दाखवणं ही परवान्याची अटच होती. लोक त्याच वेळात खुर्च्या शोधत, शेंगदाणे घेत, ‘पिक्चर अजून लागलं नाही’ म्हणत. मला त्याचं आजही वाईट वाटतं. कुणीतरी दूर गावी जाऊन एका विणकरासमोर कॅमेरा लावून बसलं होतं, आणि ते बघायला सगळ्या थिएटरात एकटे बाबा.

६. मी जेवणाचा डबा घेऊन केबिनमध्ये. आत कार्बनचा उग्र वास, भट्टीसारखी धग. काळ्या काचेतून प्रोजेक्टरची ज्योत बघत बाबा दोन कार्बन-कांड्यांमधलं अंतर सारखं करतात. मग केबिनमधला स्पीकर बंद करतात. खाली निवेदकाचा भारदस्त आवाज चालूच असतो. झरोक्यातून आम्हाला नुसते विणकराचे हात दिसतात. धोटा जातो, येतो.
“ऐकू नकोस, बघ,” बाबा म्हणतात.
पुढे माहितीपटकार सुखदेव यांनी ‘इंडिया ६७’ निवेदनाशिवाय केला. तो पाहताना मला ही केबिन आठवली.

९. शेवटचा खेळ. गिरणीतून सुटलेले कामगार पुढच्या बाकांवर. त्यांच्यातला एकजण धोट्याकडे बोट दाखवून शेजाऱ्याला काहीतरी समजावत होता, हे बाबांनी वरून पाहिलं. घरी आल्यावर पहिल्यांदा तेच सांगितलं.

रात्री १२.३०. आई ताट वाढते. बाबा तिच्या शिवणाच्या डब्यातून दोरा घेतात, मधोमध तोडतात.
“अगं, हे बघ. तो विणकर टोक आधी ओठाला लावतो.”
ते दोरा ओला करतात, दोन्ही टोकं चिमटीत पिळतात, आणि गाठ बसेपर्यंत ताटाकडे बघतही नाहीत.